मोहाच्या दिवसांतली तारीख

वकिलाच्या मुन्शीला कोर्टात बोलायचा अधिकार नसतो. त्याने फाईल उचलावी, तारीख लिहावी, झेरॉक्स काढाव्यात, पुकारा झाला की साहेबांना शोधत पळावं. माझ्यासारख्या घाबरट माणसाला याहून सोयीची नोकरी मिळाली नसती. बोलायचंच नाही म्हटल्यावर चुकायचं कुठे? असं मला पहिली दोन वर्षं वाटत होतं.

मी इकडचा नाही. माझं गाव जतकडे, जिथे पाऊस पाहुण्यासारखा येतो आणि चहा घेऊन जातो. आठवीत शाळा सोडली आणि बोअरच्या गाडीवर चढलो. ती गाडी फिरत फिरत चंद्रपूरला आली आणि आमच्या वकीलसाहेबांच्या अंगणात बोअर मारताना मला मलेरियाने धरलं. गाडी पुढे तेलंगणात निघून गेली, मी मागे राहिलो. बाईसाहेबांनी पंधरा दिवस मऊ भात खायला घातला. उठून बसलो तेव्हा साहेब म्हणाले, "अक्षर दाखव." अक्षर तेवढं बरं होतं. दुसऱ्या दिवसापासून मी मुन्शी. त्या बोअरला पाणी लागलं नव्हतं, पण ही गोष्ट साहेबांनी आजतागायत मला ऐकवलेली नाही. अशा माणसाचं काम बिघडू नये म्हणून मी कपाटाचं कुलूप तीनदा ओढून बघायचो आणि अर्ध्या रस्त्यातून चौथ्यांदा बघायला परत यायचो.

आणि तरी बिघडवलं.

ब्रह्मपुरीच्या अलीकडच्या एका गावातली एक बाई आमची पक्षकार होती. साठीची, विधवा, अंगाने काटकुळी, आवाजाने मात्र दणकट. तिच्या आणि तिच्या दिराच्या धानाच्या बांध्या, म्हणजे भाताची शेतं, शेजारी शेजारी होत्या आणि मधल्या बांधावर मोहाचं एक जुनं झाड. झाड कोणाचं, एवढाच वाद. खालच्या कोर्टात दीर जिंकला. झाड त्याचं ठरलं. बाईने चंद्रपूरला अपील केली आणि साहेबांनी तिला 'जैसे थे' हुकूम मिळवून दिला. म्हणजे अपिलीचा निकाल लागेपर्यंत पूर्वीसारखं चालू द्यायचं. गावाने या हुकमाचा आपल्यापुरता अर्थ लावला. झाडाच्या बुंध्यापासून दोन्ही बाजूंना एक दोर जमिनीवर टाकला. फूल दोराच्या ज्या बाजूला पडेल, त्या बाजूवाल्याचं. दिराची यावर कायमची तक्रार असे की वारा वहिनीच्या पार्टीचा आहे.

अशी तीन वर्षं गेली. एकदा जानेवारीत पुढची तारीख घ्यायची वेळ आली. साहेब दुसऱ्या कोर्टात होते, म्हणून त्यांच्या हाताखालच्या वकीलबाई उभ्या राहिल्या आणि त्यांनी मला खुणेने विचारलं, कधी? मी डायरी चाळली. फेब्रुवारी गच्च, मार्चची सुरुवात गच्च, आणि मार्चच्या शेवटापासून पुढे एकेक पान असं कोरं की बघून डोळे निवावेत. मी लगेच बोट ठेवलं. बाजूला बसलेल्या म्हाताऱ्या मुन्शीने माझ्या डायरीत डोकावलं, मग माझ्याकडे पाहिलं आणि तोंडातला तंबाखूचा खर्रा एका गालातून दुसऱ्या गालात सरकवला.

"मस्त तारीख घेतली जी," तो म्हणाला.

मला वाटलं, कौतुक केलं. मी त्याला चहा पाजला.

आता जे इथल्या शेंबड्या पोरालाही माहीत असतं ते मला माहीत नव्हतं. चैत्र लागता लागता मोह, म्हणजे वाळवून विकायची ती फुलं, पडायला लागतो. तीन आठवडे, पहाट फुटायच्या आत. तेवढ्या दिवसांत या मुलखातली झाडून सगळी गावं झाडाखाली असतात. लग्न असलं तरी नवरदेवाची आई टोपली घेऊन आधी झाडाखाली जाऊन येते. जुने मुन्शी त्या दिवसांत गावाकडच्या पक्षकारांची तारीखच घेत नाहीत. माझी ती कोरी पानं मोकळी नव्हती, मोहाने भरलेली होती.

तारखेच्या दिवशी साहेबांना गडचिरोलीला एक साक्ष होती. ती लांबली. अकरा वाजता त्यांचा फोन आला. "मी दोनपर्यंत पोचतो. बाई आल्यात ना? पुकारा झाला की त्यांना उभं कर. वकील येताहेत, थोडा वेळ द्या, एवढं म्हणायला सांग. जज साहेब देतील."

"होय साहेब," मी म्हणालो. बाई आलेली नव्हती.

मी बाईचा मोबाईल लावला. तो तिच्या घरात चार्जिंगला लावलेला होता आणि वाजत राहिला. वकीलबाईंना लावला तर त्या एका लग्नात भद्रावतीला. मी गेटवर जाऊन उभा राहिलो. ब्रह्मपुरीकडून आलेल्या प्रत्येक माणसाकडे आशेने बघत राहिलो. एका बाईला तर मी हाताला धरून आत न्यायला लागलो होतो. ती सुनेच्या पोटगीसाठी आली होती आणि तिने मला चार शब्द सुनावले. एवढ्यात आतून शिपायाचा आवाज आला. बाईचं नाव, मग दिराचं नाव. मी वळलो. दुसरा पुकारा. मी पळालो. तिसरा पुकारा व्हरांड्यात माझ्या अंगावरून गेला. मी दारात पोचलो तेव्हा पुढच्या मामल्याचे वकील काळा कोट सारखा करत उभे राहत होते.

जज साहेबांचं काही चुकलं नव्हतं. अपील करणारी गैरहजर, तिचा वकील गैरहजर. अशा वेळी कोण खरं आणि कोण खोटं याच्यात कोर्ट शिरत नाही. अपील गैरहजेरीत खारीज, एवढीच ओळ. अपील गेली म्हणजे तिच्यावर उभा असलेला 'जैसे थे' हुकूमही गेला. म्हणजे दुपारी बारा वाजल्यापासून ते झाड, शेंड्यापासून मुळापर्यंत, दिराचं. आणि मोह तर आत्ताच पडत होता.

साहेब दोनला आले. मी सांगितलं. त्यांनी चष्मा काढून पुसला.

"ही तारीख कोणी घेतली?"

"मी."

"मोहात?"

"पान मोकळं होतं साहेब."

त्यांनी चष्मा परत डोळ्यांवर चढवला. ओरडले असते तर मला बरं वाटलं असतं. मग म्हणाले, "पुरेसं कारण दाखवलं तर अपील परत दाखल करून घेतात. उद्या पहिल्या बसने गावात जा. का आली नाही ते नीट विचार, प्रतिज्ञापत्रावर सही आण. आणि हे बघ, दिराला आत्ताच काही कळता कामा नये. त्याचे वकीलही आज नव्हते, नोटीस जाईल तेव्हा जाईल. तोवर चार दिवस बाईला मोह वेचू दे."

दुसऱ्या दिवशी गावच्या फाट्यावर उतरलो, तर पानठेल्यावर पहिला माणूस कोण बसलेला? दीर.

"अरे मुन्शीजी! तुमी इकडं काऊन जी?"

तीन वर्षं तारखांना येऊन येऊन समोरचा पक्षकार आपल्या पक्षकारापेक्षा जास्त ओळखीचा होतो. या माणसाने मला अनेकदा चहा पाजला होता. खोटं बोलायचं म्हटलं की माझ्या तोंडात पहिलं येतं तेच बाहेर पडतं.

"मोहा बघायला आलो," मी म्हणालो.

"येवढ्या दुरून?"

"आमच्याकडे नसतो ना."

त्याचा चेहरा उजळला. "चला जी, दाखवतो. मोहा पाहाचा तं आमचाच पाहा!" आणि माझा दंड धरून तो मला थेट त्याच झाडाखाली घेऊन गेला. तिथे बाई दोराच्या आपल्या बाजूला बसून उरलीसुरली फुलं वेचत होती. मी बॅगेतलं प्रतिज्ञापत्र छातीशी धरलं आणि झाडाकडे बघत "वा, वा" म्हणत राहिलो. पिवळसर, टपोरी, मण्यांसारखी फुलं. वासाने डोकं गरगरत होतं, का भीतीने, कोण जाणे. दिराने मला कोणत्या फांदीचं फूल गोड ते सांगितलं, वारा कसा वहिनीकडचा आहे ते सांगितलं.

"वारा माह्या माहेरचा हाय," बाई वर न बघता म्हणाली.

"पाह्यलं का मुन्शीजी? कबूल करून राह्यली!" तो म्हणाला. मग सहज विचारल्यासारखं, "मंग? काल कोर्टात काय झालं?"

बाईचा हात थांबला. दोघंही माझ्याकडे बघायला लागले.

"काही नाही," मी म्हणालो.

"काय होईन?" बाई म्हणाली. "मी नाई गेली, भाऊजी नाई गेले. भांडायले दोघं लागते ना बाबू. कोनीच नाई तं केस कशी चालन?"

इथे मी गप्प बसायला हवं होतं. पण आठवीत शाळा सोडलेल्या माणसाला कायद्यातली एखादी गोष्ट पक्की माहीत असली आणि कोणी ती चुकीची सांगितली की राहवत नाही.

"तसं नसतं बाई," मी म्हणालो. "अपील ज्याची त्यानेच हजर राहायचं असतं. समोरचा आला काय, नाही आला काय..."

मी थांबलो. पण उशीर झाला होता.

"तं?" दीर म्हणाला.

"तं... खारीज."

"खारीज म्हंजे?"

"म्हणजे अपील संपली."

तो उकिडवा बसला होता, तो हळूहळू उभा राहिला. "म्हंजे मी इथी मोहा वेचून राह्यलो होतो आनि तिथी जिंकून राह्यलो होतो?"

मी मान हलवली. मला रडायला येत होतं.

त्याने बुंध्याला बांधलेली दोराची गाठ सोडली. दोर हातावर व्यवस्थित गुंडाळला, त्यावरची माती झटकली आणि बाईपुढे धरला. "घे वयनी. तुह्याच म्हशीचा हाय."

बाईने दोर घेतला नाही. ती तिथेच बसून राहिली. मघाचा तो दणकट आवाज कुठे गेला कोण जाणे. "बाबू," ती मला म्हणाली, "धान सरल्यावर चार महिने माहं घर या मोहावर चालते. आता?"

दीरही क्षणभर दुसरीकडे बघायला लागला. मग दोर तिच्या टोपलीत ठेवून निघून गेला.

मी तिच्या शेजारी जमिनीवर बसलो आणि कागद काढले. म्हटलं, बाई, उपाय आहे. गैरहजेरीचं कारण लिहायचं. मी वाटेत बसमध्ये एक कारण तयारच करून ठेवलं होतं.

"ताप आला होता असं लिहू?"

"मले कवा ताप आला?"

"लिहावं लागतं बाई."

"तुले आला होता ना मलेरिया? मंग तुहा लिही."

"मग खरं कारण काय?"

तिने इकडेतिकडे बघितलं. मग तोंडाला पदर लावून हसायला लागली, डोळ्यांत पाणी होतं तरी. हळूहळू सगळं बाहेर आलं. तारखेच्या आदल्या संध्याकाळी तिने विहिरीवर मोठ्याने सांगितलं होतं, उद्या मी पहिल्या गाडीनं चंद्रपूरले चालली. दिराच्या कानावर जावं म्हणून. हेतू असा, की ती निघाली म्हटल्यावर दीरही कोर्टात जाईल, आणि मग आपण न जाता दोराच्या दोन्ही बाजूंचा मोह एकटीने वेचू. त्याच संध्याकाळी दिराने पानठेल्यावर मोठ्याने सांगितलं होतं, उद्या मी पहिल्या गाडीनं चंद्रपूरले चाललो. हेतू तोच. पहाटे दोघं आपापल्या टोपल्या घेऊन झाडाखाली समोरासमोर आले.

"मग काय बोललात?"

"काय बोलनार? तो म्हने, थंडी हाय आज. मी म्हनली, हो जी, हाय. अन् वेचत बसलो."

हे प्रतिज्ञापत्रात कसं लिहायचं? मी आपल्या अक्षरात एवढंच लिहिलं की मोहफुलं पडण्याच्या दिवसांत झाड सोडून जाणं शक्य झालं नाही. त्यात खोटं काही नव्हतं. बाईने सही केली, एकेक अक्षर पेरल्यासारखी.

साहेबांनी ते वाचलं, त्यावरून अर्ज टाईप करून घेतला आणि दुसऱ्याच दिवशी कोर्टात टाकला. वकिलाच्या गैरहजेरीबद्दलही एक परिच्छेद होता. त्यात लिहिलं होतं की चूक वकिलाची आहे, तिची शिक्षा बाईला होऊ नये. माझं नाव नाही, मुन्शी हा शब्दही नाही. मी ते दोनदा वाचलं आणि कपाटाचं कुलूप ओढायला गेलो.

आठवड्याभराने सुनावणी. मधल्या दिवसांत बाईच्या अंगणात एक टोपलीसुद्धा वाळायला पडली नाही. या वेळी दोघंही हजर होते. एकाच काळी-पिवळी जीपमध्ये बसून आले होते, एक पुढे, एक मागे.

दिराचे वकील उठले. "साहेब, फुलं वेचायची होती म्हणून कोर्टात आलो नाही, हे पुरेसं कारण होऊ शकत नाही." हे ऐकून पुकारा करणाऱ्या शिपायाने त्यांच्याकडे असं बघितलं की वकीलसाहेबांनी कॉलर सारखी केली.

जज साहेब बाहेरगावचे होते. त्यांनी बाईलाच पुढे बोलावलं. "एक दिवस दुसऱ्या कोणाला वेचायला बसवता आलं नसतं का?"

बाईने आमच्या साहेबांकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी डोळ्यांनी विनवत होतो, की विहिरीवरचं तेवढं सांगू नकोस.

"कोनाले बसवनार साहेब? मी हटली की यानं माह्या बाजूचा बी सारा मोहा नेला असता."

"खोटं हाय साहेब!" दीर मागून उठला. त्याचे वकील त्याचा सदरा ओढत होते. "खोटं बोलून राह्यली! मी तं इमानदार मानूस!"

"मग त्या दिवशी तुम्ही कुठे होता?" जज साहेबांनी विचारलं.

"मी? झाडाखाली."

"तुमचीही तारीख होती."

"हो ना जी."

"मग झाडाखाली का होता?"

दिराने वकिलाकडे बघितलं. वकील फाईलमध्ये बघत होते. "मले वाटलं, वयनी कोर्टात जाईन."

"आणि त्या कोर्टात गेल्या असत्या तर?"

आता त्याच्या ध्यानात आलं. खोटं त्याला सुचलंच नाही, मला निदान पहिलं तोंडात येतं तेवढं तरी सुचतं. शेवटी तो म्हणाला, "वेचला असता थोडासा."

"किती थोडासा?" बाई म्हणाली.

"तू काऊन आली होती तं मंग? आं? साहेब, इले बी विचारा!"

अख्खं कोर्ट हसलं. जज साहेबांनी पेनाचं टोपण ओठांवर धरलं होतं. ते खाली बघून बोलायला लागले आणि टायपिस्ट लिहू लागली. अपील करणाऱ्या बाईने झाड सोडलं असतं तर समोरच्या पक्षाने तिच्या वाट्याची फुलं नेली असती, हे समोरच्या पक्षानेच कबूल केलं आहे. म्हणून तिची भीती खरी होती. कारण पुरेसं आहे. अपील पुन्हा दाखल करून घेण्यात येते. आधीचा 'जैसे थे' हुकूम पुन्हा लागू.

"आणि पुढची तारीख," ते म्हणाले, "हा मोह संपतो कधी?"

"आठ दिवस साहेब," शिपाई म्हणाला. "आमच्याकडं पंधरा तरी," टायपिस्टबाई म्हणाल्या. मागून कोणीतरी म्हणालं की यंदा ढग आहे, लांबेल. जज साहेबांनी हात वर केला आणि जूनमधली तारीख दिली.

तेव्हा मी ते केलं जे मुन्शीने कधीच करू नये. उभा राहिलो, हात जोडले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालो, "फार उपकार झाले साहेब."

"तुम्ही कोण?"

मी जोडलेले हात तसेच धरून आमच्या साहेबांच्या पाठीकडे बघितलं. आमच्या साहेबांनी मागे न बघता म्हटलं, "आमच्याकडचे आहेत साहेब," आणि पाठीमागे हात करून मला खाली बसवलं.

बाहेर व्हरांड्यात बाईने साहेबांना विचारलं, "तं आता मी वेचू?"

"वेचा. आजपासून."

"आजपासून?" ती जागच्या जागी थबकली. "आजचा तं कोनीच नाई वेचला! हा बी इथी, मी बी इथी. पहाटचा सारा खालीच पडून असन. बकऱ्या खातीन जी!"

दीर दोन पावलांवर उभा होता. दोघांनी एकमेकांकडे बघितलं आणि दोघंही एकदम गेटकडे निघाले. चालत, मग भरभर, मग पळत. तो पुढे होता. मी बाईची राहिलेली पिशवी घेऊन तिच्यामागे धावलो. रस्त्याच्या पलीकडे ब्रह्मपुरीची बस हलायला लागली होती. दिराने दांडी पकडली, पायरीवर चढला. आता तो एकटाच जाणार आणि संध्याकाळपर्यंत दोन्ही बाजू साफ करून ठेवणार, असं मला वाटलं. कंडक्टरने बेल मारली.

दीर पायरीवरून अर्धा बाहेर लोंबकळला आणि बसच्या पत्र्यावर जोरजोरात थाप मारायला लागला.

"थांबव ना बे! माही वयनी येऊन राह्यली!"